मावशीचा गाळलेला परिच्छेद

माझी मावशी काल गेली आणि आज तिच्या पेपरने तिला गप्प केलं.

सुनंदा तेरवणकर. आईची धाकटी बहीण. मुलुंडला एकटी राहायची.

दर रविवारी इंग्रजी पेपरात तिचा कॉलम यायचा आणि सोमवारी कुणीतरी तिच्यावर चिडलेलं असायचं.

सगळे मॉलच्या नावाने नाकं मुरडत होते तेव्हा हिने लिहिलं, गरिबाला तिथे फुकट एसी मिळतो, तुमचं काय जातं?

आजोबा गिरणीतले, मूळचे मालवणकडचे. वैतागायचे.
"इंग्लिशीत भांडतंस, आमका काय कळतला?"
"बाबा, ज्यांच्याशी भांडते त्यांना कळतं. बस झालं."

मग तिच्या सोसायटीमागच्या झोपड्या तुटल्या. माणसं माहुलला नेऊन टाकली. रिफायनरीच्या शेजारी.

त्यात शोभाताई होत्या. मावशीकडे पोळ्या करायच्या. मावशी त्यांना भेटायला गेली.

"खिडकी उघडली की डोळे चुरचुरतात, ताई. बंद केली की जीव गुदमरतो. काय करू सांगा."

मावशी पुन्हा पुन्हा जात राहिली. मग लेख लिहिला. सरकारला झोडलं तोवर संपादक खूश होते. शेवटच्या परिच्छेदावर गाडी अडली.

"हा काढ ना, सुनंदा. आपले रीडर्स दुखावतील."
"त्यासाठीच लिहिलाय."
"मग लेख जाणार नाही."
"नाही गेला तर नाही."

लेख पडून राहिला. पुढच्या महिन्यात कॉलमही बंद.

तिने तो स्वतःच्या ब्लॉगवर टाकला. सोसायटीने बोलणं टाकलं. लिफ्टमध्ये सेक्रेटरी म्हणाले, "मॅडम, आमच्याबद्दलच लिहायचं असतं का तुम्हाला?"
"माझ्याबद्दल पण लिहिलंय. पूर्ण वाचलं नाहीत ना?"

नंतर तिला कुणी कुठे बोलावलं नाही. आजारपणात एक फोन नाही.

काल स्मशानात माहुलहून शोभाताई आल्या होत्या. खोकत, भिंतीला टेकून शेवटपर्यंत थांबल्या.
पेपरातून एक माणूस नाही.

आणि आज सकाळी तोच लेख, अर्धं पान! वर तिचा हसरा फोटो. "निर्भीड लेखिका" वगैरे.
शेवटचा परिच्छेद गायब.

मी संपादकांना फोन लावला.
"अगं, स्पेसचा इश्यू होता. आणि ट्रिब्यूट आहे ना, आज कशाला निगेटिव्ह?"
"सर, ती नाही म्हणाली होती. तुम्हालाच म्हणाली होती."
"आता ती नाहीये गं."

हो. तेवढ्यासाठीच थांबला होतात ना?

सोसायटीच्या ग्रुपवर तेच पान फिरतंय. खाली हात जोडलेले इमोजी. ज्यांनी बोलणं टाकलं, त्यांचेच. मावशीच्याच फोनवरून मी परिच्छेद टाकला तर ॲडमिनने उडवला.

म्हणून इथे टाकते. मराठी माझं, म्हणणं तिचं.

"या लोकांना माहुलला एकट्या सरकारने पाठवलं नाही. आम्ही पाठवलं. झोपड्यांच्या जागी जॉगिंग ट्रॅक हवा म्हणून माझ्या सोसायटीने अर्ज केला. तुमच्या सोसायटीनेही केला असेल. मी सही केली नाही, पण कुणाला अडवलंही नाही. आता माझ्या खिडकीतून छान वारा येतो. तो शोभाच्या वाटचा आहे."

बस, एवढंच होतं. एवढंच झेपलं नाही त्यांना.

मावशी, शेवटचा नमस्कार.
तुझा परिच्छेद छापलाय. एक शब्द गाळलेला नाही.