किल्लीवाल्याची पाठ

किल्लीवाल्याची बोटं जितकी चपळ, तितकंच तोंड बंद. गल्लीतली निम्मी दारं त्यानं कधी ना कधी उघडली होती. पण कुणाच्या घरात काय आहे ते विचाराल, तर पठ्ठ्याला पत्ता नाही. कुलूप खट् झालं की दार न ढकलता तो पाठ फिरवायचा आणि मालक आत जाईपर्यंत रस्त्याकडे बघत उभा राहायचा. "लोकांचं घर म्हणजे लोकांची अब्रू," असं त्याचे वडील सांगून गेले होते.

हीच पाठ एके दुपारी नडली. शिक्षिकाबाईंची किल्ली हरवली. यानं दार उघडलं, पाठ फिरवली, रस्ता न्याहाळला. समोरच्या गॅलरीतल्या काकांनी, म्हणजे निवृत्त झाल्यापासून अख्ख्या गल्लीची हजेरी घेणाऱ्या गृहस्थांनी, ते चष्मा न लावताच मोबाइलवर टिपलं आणि 'भरदिवसा घरफोडी! बाई आत, साथीदार पहाऱ्यावर!' असं लिहून गावाच्या ग्रुपवर सोडून दिलं. संध्याकाळपर्यंत किल्लीवाला चोर म्हणून गावभर झाला. बाईंनी घसा कोरडा करून खुलासा केला; पण खुलाशाला कोण विचारतं? दुकानावर काळं कुत्रं फिरकेना.

"आता तरी तोंड दाराकडे ठेवा," बायको म्हणाली. "लोकांची अब्रू राखता राखता स्वतःची घालवून बसलात!"

त्याला ते पटलंही.

मग एका सकाळी शिक्षिकाबाईंचा फोन आला, "समोर काकांकडे या, लवकर!" जाऊन बघतो तर काका बंद दाराबाहेर, अंगावर फक्त टॉवेल. पेपर उचलायला आले आणि वाऱ्यानं मागे दार धाडकन लागलं. त्यांचा मोबाइल आत. जिन्यात मात्र मोबाइलच मोबाइल, सगळे काकांवर रोखलेले.

"तमाशा आहे का इथं?" काका टॉवेल सावरत ओरडत होते. किल्लीवाल्याला बघून त्यांचा आवाज खाली आला. "तू होय... बघ बाबा काय ते."

कुलूप खट् झालं. बायकोचे शब्द आठवले, पण सवय कुणाच्या बापाचं ऐकते? त्यानं पाठ फिरवली. वर अवजारांची पिशवी दोन्ही हातांनी पडद्यासारखी धरून जिन्यासमोर उभा राहिला. मागून काका आत सटकले.

"अहो, सरका ना! काही दिसत नाहीये!" खालून कुणीतरी करवादलं.

"तेवढ्यासाठीच उभा आहे."

त्या दिवशी गावभर फिरली ती क्लिप नुसत्या पिशवीची आणि तिच्यावरून डोकावणाऱ्या किल्लीवाल्याच्या मिशीची. त्या क्लिपखाली काकांनी स्वतः लिहिलं, 'पहारा कसला, हे आता कळलं. चूक माझी.' दुसऱ्या दिवसापासून दुकानात पुन्हा किल्ल्या खुळखुळू लागल्या.

"खरं सांगा," बायकोनं चहा देता देता हळूच विचारलं, "टॉवेल कुठल्या रंगाचा होता हो?"

"मला काय माहीत? माझी पाठ होती," तो म्हणाला आणि मिशीतल्या मिशीत हसत चहा पिऊ लागला.