शेवटच्या खांबापाशी छत्री

“हा भोंगा आत्ताच्या आत्ता उतरवा,” मंडळाचे अध्यक्ष ओरडत होते, आणि तो बांबूवर बांधणारा पोलोग्राउंडचा मिस्त्री तोंडात खिळे धरून वरूनच विचारत होता, “भिया, पहले तय कर लो, बांधूं के उतारूं?”

लाउडस्पीकरचा हा भोंगा मी आणवला होता. आमच्या गणेशोत्सव मंडळात तेव्हा दोनच जाती: दरबारच्या कचेऱ्यांतून पेन्शनीत गेलेले, आणि मध्यभारत सरकारात नुकते चिकटलेले आम्ही. संस्थान जाऊन आमच्या शहरातली राजधानी अर्धी ग्वाल्हेरला गेली, पण मंडपात राज्य अजून दरबारचंच.

मंडळाचा एक कायदा होता. सगळ्यांत ज्येष्ठ सभासद, म्हणजे आमचे काका, शेवटच्या खांबापाशी खुर्ची टाकून बसत. स्टेजवरचा आवाज तिथवर पोचला नाही की त्यांची काळी छत्री वर जाई, आणि मग गाणारा असो वा बोलणारा, त्यानं पहिल्यापासून सुरू करायचं. एका कीर्तनकाराला छत्रीनं इतक्यांदा मागे नेलं की त्याचा राम वनवासाला निघेपर्यंत पहिल्या रांगेतल्या दोन मुलींची लग्नं ठरली. स्वागतपद माझ्याकडे असे. ते मी अशा जोरानं म्हणायचो की पार गावाबाहेर सिमरोलच्या शेतांतले पोपट उडायचे. तरी अलीकडे छत्री जरा जास्तच वर जायला लागली होती.

“पोरांत आवाजच राहिले नाहीत,” काका म्हणायचे, आणि आम्ही पोरं मिठाच्या गुळण्या करायचो.

शेवटी अध्यक्षांनी तोड काढली. “यंत्रालाही कायदा तोच. छत्री खाली राहिली तर भोंगा राहील, मग शेवटच्या खुर्चीचं कामच संपलं. वर गेली तर भोंगा गेला.”

काका छत्री मांडीवर आडवी घेऊन बसले.

संध्याकाळपर्यंत मला बसवेना, उभं राहवेना. वायर तपासली, परत तपासली, मिस्त्रीनं हात झटकला तेव्हा कुठे सोडली. आणि पद म्हणायला उभा राहिलो, तर जन्माची सवय जाते कुठे? माइक ओठांना टेकवून, छत्रीच्या धाकानं, पोपट उडवायच्याच ताकदीनं सूर लावला. कनात फुगली. बाहेरचा घोडा टांग्यासकट निघाला तो स्टेशनच्या दिशेनं. पहिली रांग कान धरून उठली. अध्यक्षांची टोपी, शपथेवर सांगतो, डोक्यावर जागच्या जागी फिरली.

आणि मागे, शेवटच्या खांबापाशी, छत्री वर गेली.

कोणी हसलं नाही. सगळ्या माना मागे वळल्या, ते काकांना दिसलं. छत्री हळूहळू खाली आली.

“अरे, बाबूजी को तो…” मिस्त्री म्हणाला आणि पुढचं त्यानं गिळलं.

अध्यक्ष माझ्याजवळ आले. आयुष्यात प्रथमच हळू बोलले, “राहू दे भोंगा.”

आरतीनंतर काकांना घरी पोचवायला मी निघालो. मनात एकच प्रश्न टोचत होता, कधीपासून? पण तो विचारायचा तर ओरडून, साऱ्या गल्लीला ऐकवत. कोपऱ्यापर्यंत त्यांच्या जोडीनं चाललो. मग त्यांच्या कानाशी वाकून म्हटलं, “काका, उद्यापासून पुढे बसा ना. अगदी भोंग्याखाली.”

छत्रीचं टोक टेकत ते थोडे पुढे गेले.

“खुर्ची मागेच ठेव,” ते म्हणाले.