पडद्याच्या दोन्ही बाजूंना सांगणारे करीमचाचा

करीमचाचांची आणि माझी पहिली ओळख पडद्यामागून झाली. रिसोडच्या बाजारात मुक्या चित्रपटांचा तंबू लागे. पडद्यापुढे पुरुष बसत, मागे आम्ही बायका. आम्हांला सगळे चित्र उलटे दिसे. चाचा काठी घेऊन कडेला उभे राहत आणि गोष्ट सांगत. बाकीचे सांगणारे तोंड पुरुषांकडेच ठेवत. चाचा मात्र घडोघडी आमच्याकडे वळत. तंबूचा मालक कुरकुरे, पण चाचा त्याला कसले दाद देतात!

त्यांची एक खोड गावभर ठाऊक होती. दुःखी शेवट त्यांना सोसत नसे. नायिका पडद्यावर मेली तरी चाचा तिला तोंडी जिवंत करून सुखात नांदवायचे आणि लोक खूश होऊन घरी जायचे.

त्या वर्षी मी विधवा होऊन माहेरी आले होते. अकोल्याला शिकून शिक्षिका व्हावे, एवढीच माझी इच्छा. पण मानोऱ्याचे सासरचे लोक मला न्यायला येणार होते आणि बाबा त्यांना हो म्हणून बसले होते. आमचा भाजीचा मळा. चाचा रोजचे गिऱ्हाईक. आईने माझे सारे सांगून त्यांच्यापाशी डोळे पुसले होते.

त्याच आठवड्यात कुठूनसा एक जपानी चित्रपट आला. पडद्यावरची अक्षरेही जपानी, दोन्ही बाजूंना सारखीच अगम्य, तेव्हा सारी भिस्त चाचांवर! त्यातली तरुण विधवा गाठोडे घेऊन सासरच्या फाटकापर्यंत येते. सासरा नुसते घराकडे बोट दाखवतो. ती वाकून नमस्कार करते आणि आत परतते. पुरुषांतून 'बरं केलं पोरीनं' असे आवाज आले. बाबाही तिथेच होते. चाचांनी त्या दिवशी शेवट गोड केला नाही.

"थे खुशीनं नाई परतली," ते म्हणाले. "तिले कोनी इचारलंच नाई. तुमी घरी जाऊन तरी इचारजा."

सकाळी मेथीच्या जुड्या बांधताना बाबांनी मान वर न करता विचारले, "तुले काय पायजे, माय?"

जन्मात प्रथमच मला कोणी हे विचारत होते. मला रडू आवरेना, पण मी सांगितले. मानोऱ्याची बैलगाडी रिकामी परतली.

पुढे बोलपट आले आणि चाचांचे काम गेले. जीभ थोडीच गेली! आता ते दर शनिवारी माझ्या शाळेत मुलींना गोष्टी सांगतात. चहात वेलदोडा नसला की रुसतात. शेवट मात्र स्वतः सांगत नाहीत, मुलींना विचारतात.

चाचा साठ वर्षांचे झाले. त्यांच्या सत्काराला आम्ही बायका मांडवात पुढेच बसणार आहोत. तेव्हा त्यांनी मधे उभे राहून दोन्हीकडे मान वळवण्याचे कष्ट घेऊ नयेत. खुर्चीवर निवांत बसावे, आणि असेच ठणठणीत, पुष्कळ वर्षे आमच्यासमोर बसावे.