राक्षसाला दिलेला रबाब

जावा बेटावरच्या सोलो शहरातले विग्न्यो आजोबा साठ वर्षं रबाब वाजवत होते. दोन तारांचं, गजानं वाजवायचं वाद्य. लारास नावाची त्यांची नात रडायला लागली की तेच वाजवून तिला निजवायचे.

आमच्या ॲनिमेशनपटाचं संगीत माझं. त्यातला नायक शहरातला पोरगा, म्हणून त्याला मी गिटार दिली. राक्षस म्हातारा, गुहेतला. त्याला आजोबांचा रबाब. "निजवायचं तेच वाजवा, फक्त जरा संथ," एवढंच त्यांना सांगितलं. ते सूर निघाले की थिएटरातली पोरं आईच्या कुशीत तोंड लपवायची. मला बक्षीस मिळालं आणि मी मूर्खासारखा ते सांगायला गरम सेराबी, म्हणजे तांदळाचे गोड घावन, घेऊन त्यांच्या घरी गेलो.

रबाब कापडात गुंडाळून खुंटीला टांगला होता.

"लारास सिनेमा बघून आली," आजोबा म्हणाले. "आता मी गज उचलला की किंचाळते."

"लहान आहे, विसरेल."

"राक्षस शेवटी मरतो ना रे?"

"मरतो, आजोबा."

"तेव्हाही माझंच वाजतं?"

"हो."

"मग झालं," ते म्हणाले, आणि नातीला निजवायला त्यांनी मोबाइलवर माझी गिटार लावली.