दाजींचं गप्प बसणं

आमच्या दाजींइतका गप्प बसणारा माणूस अख्ख्या कोल्हापुरात दुसरा झाला नाही, हे मी छातीठोकपणे सांगतो. दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. नव्वदच्या दशकात ते टीव्हीसाठी राजकारणावर, समाजावर माहितीपट काढायचे, आणि गप्प बसणं हेच त्यांचं भांडवल. प्रश्न एकच विचारायचा आणि समोरच्याकडं बघत राहायचं. कोल्हापूरकराला शांतता सोसते होय? शाहूपुरीतला एक पुढारी आधी विकासावर बोलला, मग घाम पुसला आणि शेवटी "आता तुमच्यापास्नं काय लपवायचं, पावणं!" म्हणत मतांसाठी कुठं कुठं मटणाची जेवणं घातली ते रश्श्यासकट सांगून बसला. सासुरवाडीला आले तरी तेच. दाजी ताटाकडं नुसते बघत राहिले की आई घाईघाईनं कबूल करायची, "व्हय, मीठ जास्त पडलंय!"

ही विद्या चालायची नाही ती फक्त आप्पांपुढं, म्हणजे माझ्या वडिलांपुढं. आमचं मूळ गाव शाहूवाडीकडचं. तिथं आमच्या भावकीच्या विहिरीवर बौद्धवाडीतल्या बायकांना एके काळी पाणी भरू देत नसत. दाजींनी त्यावर माहितीपट करायला घेतला आणि आप्पांनी त्यात बोलावं म्हणून हटून बसले. आप्पा म्हणाले, "आमच्या येळंला असलं काय न्हवतं." पुढं चकार शब्द नाही.

मग दाजींनी बौद्धवाडीतल्या एका म्हातारीला विचारलं, "आई, तुम्हाला अडवलं कुणी?" आणि गप्प बसले. म्हातारीही गप्प. दोघं आपले एकमेकांकडं बघतायत! शेवटी ती एवढंच म्हणाली, "घरात इचारा की, जावईबापू."

वाहिनीचे साहेब म्हणाले, "एवढी शांतता? लोकांना टीव्ही बिघडला वाटेल. कापा." दाजी म्हणाले, "मग सगळाच परत द्या," आणि गप्प बसले. साहेबांनी हात टेकले.

माहितीपट लागला तेव्हा दाजी आमच्याकडंच होते, आणि खरोखरच अर्ध्या गल्लीनं टीव्हीवर थापट्या मारल्या. आप्पाही उठले, हात उगारला, आणि तेवढ्यात म्हातारी बोलली. आप्पांनी हात खाली घेतला. सासऱ्याला दुखावलं म्हणून दाजी बिचारे कानकोंडे. मग आप्पाच म्हणाले, "तिच्या घागरीचा दोर मीच कापलता. आणा तुमचा कॅमेरा."

दुसऱ्या दिवशी दाजी त्यांना जीपमधून गावी घेऊन गेले. आप्पा म्हातारीच्या दारात उभे राहिले आणि त्यांनी तिच्याकडं प्यायला पाणी मागितलं; तिनं तांब्या भरून दिला. कॅमेरा जीपमध्येच राहिला.

आप्पांना जाऊन आता बरीच वर्षं झाली. पण त्या पाण्याच्या तांब्याची गोष्ट निघाली की आमचे दाजी जे बोलत सुटतात, ते डोळे पुसून पुसून बोलतच राहतात. ताईला त्यांना थांबवावं लागतं.