बोरसे सर मूल्यांकित होतात

चुडामण बोरसे सरांना एक शब्द सापडला आणि आमच्या हायस्कूलच्या डोक्याला कायमचा ताप झाला. शब्द होता ‘मूल्यांकित’. कुठल्याशा परिपत्रकात तो त्यांनी वाचला आणि त्यांना तो इतका आवडला की त्याच दिवशी शाळा सुटल्यावर सभा लावली. ज्याचं मूल्यांकन करायचं तो मूल्यांकित, आणि ते करणारा मूल्यांकन अधिकारी, म्हणजे मुख्याध्यापक, म्हणजे ते स्वतः. तोवर आम्ही शिक्षक होतो, लिपिक होतो, शिपाई होतो. त्या संध्याकाळपासून सगळे सरसकट मूल्यांकित झालो.

अर्थ समजावून सांगायला त्यांनी तासभर घेतला. परीक्षार्थी वेगळा, म्हणाले, तो स्वतः अर्ज भरतो आणि निकालाची वाट बघतो. उमेदवार वेगळा, तो काहीतरी मागायला आलेला असतो. मूल्यांकित काही मागत नाही आणि त्याला कुणी काही विचारतही नाही. तो नुसता असतो, आणि वरचा माणूस त्याच्याविषयी लिहितो. मग शब्दाचा वाक्यात उपयोग म्हणून त्यांनी फळ्यावर लिहिलं, ‘मूल्यांकिताने नम्र असावे.’ मी त्या शाळेत मराठी शिकवत होते. शब्दाचा इतका खरा आणि इतका घाणेरडा उपयोग मी दुसरा पाहिला नाही.

हा माणूस घरीही तसाच. भागावहिनींनी, म्हणजे त्यांच्या बायकोने, वांगी भाजून, मिरच्या ठेचून झकास भरीत करावं, पाहुण्यांनी बोटं चाटावीत, आणि यांनी पानावरून उठताना म्हणावं, भरीत चांगलं होतं, पण सुधारणेला वाव आहे. वहिनी बिचाऱ्या ताट उचलून आत जायच्या. जन्मभर त्या बाईने सुधारणेला वाव असलेला स्वयंपाक केला आणि याने तो पोटभर खाल्ला.

शाळेची तपासणी आली की सरांच्या अंगात यायचं. साहेब काय विचारतील ते प्रश्न आणि मुलांनी काय सांगायचं ती उत्तरं, दोन्ही तेच ठरवायचे आणि आठवडाभर घोकून घ्यायचे. एकदा साहेबांनी पाचवीतल्या एका मुलीला नुसतं नाव विचारलं. ती ताठ उभी राहिली आणि म्हणाली, होय सर, आमच्याकडे रोज परिपाठ होतो. मला हसू आवरलं नाही. साहेबही हसले. त्या वर्षी माझ्या गोपनीय अहवालात शेरा आला, ‘सर्वसाधारण. गांभीर्याचा अभाव.’ कारण विचारायला गेले तर सर मान वर न करता म्हणाले, “बाई, मूल्यांकिताने विचारायचं नसतं.” ते वाक्य मी विसरले नाही. विसरायची इच्छाही नव्हती.

आम्ही दोघं निवृत्त झालो आणि माझं नशीब असं की जळगावात पिंप्राळ्याकडच्या एकाच गल्लीत समोरासमोर राहायला आलो. शाळा गेली, खुर्ची गेली, शेरे मात्र राहिले. गल्लीतल्या रिक्षावाल्याचं वळण, दूधवाल्याचं माप, समोरच्यांच्या सुनेची रांगोळी, कशालाही हा माणूस गुण दिल्याशिवाय पुढे जात नसे. आणि ज्याला सगळ्यांत जास्त गुण द्यायला हवे होते त्या पोटच्या पोराची ओळख करून देताना म्हणायचा, आमचे चिरंजीव प्रेमराज, प्रयत्नशील आहेत.

प्रेमराज माझ्या वर्गात होता. शांत, हाताला वळण असलेला, शाळेच्या घंटेची दोरी तुटली की ती बांधून द्यायला स्वतःहून उठणारा. डिप्लोमा करून तो नरडाण्याच्या एमआयडीसीत पाइपच्या कारखान्यात लागला. तिथेच खोली घेऊन राहतो, स्वतः खिचडी टाकतो, सुटीला रेल्वेने जळगावला येतो आणि आल्या आल्या आईची गिरणीची पिशवी उचलतो. सुपारीचंसुद्धा व्यसन नाही. पण वय तेहतिशीला आलं आणि लग्न काही जमेना. हल्ली आमच्याकडे मुलीवाल्यांचा वट आहे. सरकारी नोकरी नसलेल्या पोरांकडे कुणी ढुंकून बघत नाही, आणि जे बघायला आले त्यांना सरांनी पळवून लावलं. मुलीच्या घरी पोहे झाले, चहा झाला, की सरांनी मुलीपुढे कागद ठेवायचा आणि म्हणायचं, मुख्याध्यापकांना रजेचा अर्ज लिहून दाखव. एका मुलीने लिहिलाही. सर म्हणाले, मुलगी ठीक आहे, ऱ्हस्व-दीर्घात कच्ची आहे. मुलीच्या बापाने रात्रीच निरोप पाठवला की आमची मुलगी कच्चीच बरी.

त्यानंतर बराच काळ कुणी आलंच नाही. प्रेमराज सुटीला यायचा तोही कमी झाला. वहिनी एकदा माझ्या ओट्यावर बसून म्हणाल्या, आता हे स्थळ गेलं तर तो पुन्हा बघायला उभा राहणार नाही, त्याने मला तसं सांगितलंय. हे स्थळ म्हणजे भडगावची दिपमाला. नर्स आहे, धुळ्याला एका दवाखान्यात नोकरी करते. मुलाला मुलगी आवडली होती, मुलीला मुलगा आवडला होता, दोघांचं फोनवर बोलणंही होतं. कागद पुढे ठेवायचा नाही अशी शपथ वहिनींनी सरांना घातली होती, आणि त्यांनी ती कशीबशी पाळली होती. राहिली होती ती फक्त चौकशी.

आमच्याकडे मुलगी द्यायची तर मुलीचा मामा आधी मुलाच्या गल्लीत हिंडतो. न सांगता येतो, न्हाव्याकडे दाढीला बसतो, टपरीवर चहा घेतो, किराण्याच्या दुकानात उभा राहतो आणि बोलता बोलता पोराचा पत्ता काढतो. घरच्यांनी काय सांगितलं याला किंमत नाही, गल्ली काय सांगते याला आहे. दिपमालाचे मामा नवलभाऊ अमुक दिवशी येणार ही बातमी सरांना कुठून लागली देव जाणे. पण लागली, आणि सरांनी त्या चौकशीचीही शाळेसारखी तपासणी करून टाकली.

ते पहिल्यांदा नथ्थू न्हाव्याकडे गेले. त्याला एक वाक्य दिलं आणि समोर उभं राहून पाठ करून घेतलं. मग चहाच्या टपरीवाल्या तोतारामला दिलं, मग किराणावाल्या सुगनचंदशेठना. शेवटी माझ्याकडे आले. वाक्य असं, ‘चिरंजीव प्रेमराज हे निर्व्यसनी, मनमिळाऊ व कर्तव्यदक्ष असून त्यांचे वर्तन आदर्श आहे.’ मी म्हटलं, सर, मी आता निवृत्त आहे, पाठांतर होत नाही. ते चिडतील असं वाटलं होतं. चिडले नाहीत. प्रश्न पोराच्या आयुष्याचा आहे बाई, एवढंच म्हणाले, आणि त्यांचा आवाज जरा हलला. मला त्यांची कीव आली नाही. पोराची आली.

नवलभाऊ आले. पुढचं सगळं मला नथ्थूनेच नंतर सांगितलं. नथ्थू हा जन्मापासून अहिराणीशिवाय दुसरी भाषा न बोललेला माणूस. गिऱ्हाइकाच्या गालाला फेस लावून झाला, गिऱ्हाइकाने विचारलं की समोरच्या बोरसे मास्तरचा पोऱ्या कसा शे, आणि नथ्थूने वस्तरा बाजूला ठेवून, हात खाली सोडून, एका दमात सांगितलं की चिरंजीव प्रेमराज हे निर्व्यसनी, मनमिळाऊ व कर्तव्यदक्ष असून. मामा अर्ध्या दाढीने बघत राहिले. तिथून ते टपरीवर गेले. तोताराम कर्तव्यदक्षपाशी अडकला आणि वाक्य पुन्हा चिरंजीवपासून सुरू केलं. सुगनचंदशेठ धंदेवाले, माल जरा जास्तच घातला पाहिजे म्हणून त्यांनी पदरचं ‘मितभाषी’ जोडून दिलं. तीन दुकानं आणि एकच वाक्य. गल्ली पढवलेली आहे हे कळायला मामा काही दूधखुळे नव्हते.

दुपारी ते माझ्याकडे आले, कारण मी शाळेतली बाई आणि समोरच राहणारी. पाणी दिलं, ते त्यांनी घेतलं, पण चेहरा भडगावची गाडी पकडायला निघालेल्या माणसाचा होता.

“बाई, बठ्ठी गल्ली एकच वाक्य बोली ऱ्हायनी,” ते म्हणाले. “पोऱ्यामा काय खोट शे, ते सांगा.”

मला असा संताप आला म्हणता. त्या वाक्यातला शब्द न् शब्द खरा होता. पोरगा निर्व्यसनी आहे, मनमिळाऊ आहे, कामाला चोख आहे. गल्लीला मोकळं सोडलं असतं तर नथ्थूने आपल्या भाषेत हेच सांगितलं असतं, वर प्रेमराजने त्याच्या दुकानाचा पंखा फुकट कसा दुरुस्त करून दिला तेही सांगितलं असतं. पण या माणसाचा आयुष्यात कुणाच्या तोंडच्या शब्दावर विश्वास बसला नाही. खऱ्या गोष्टीवर स्वतःची सही केल्याशिवाय याला चैन पडत नाही, आणि सही केली की ती खोटी दिसायला लागते. आता याच्या सहीपायी पोराचं लग्न मोडत होतं, आणि घरात बसून हा निकालाची वाट बघत होता.

“खोट पोऱ्यामा नही,” मी म्हटलं. “त्याना बापले शिकाडानी सवय शे.” आणि तपासणीची, पाचवीतल्या मुलीची, रोज होणाऱ्या परिपाठाची गोष्ट मी त्यांना सांगितली. नवलभाऊ आधी हसले, मग हसायचे थांबले. विचारात पडले. मला वाटलं गोष्ट सांगून मी चुकले, सासरा असा असेल तर मुलगी कोण देईल. मग त्यांनी ग्लास खाली ठेवला.

“मंग एकच सांगा. पोऱ्या बापवर गयेल शे का?”

“नही,” मी म्हटलं.

त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं, मान हलवली आणि उठले. दुसरं काही विचारलं नाही.

दोन दिवसांनी भडगावहून फोन आला. मुलगा पसंत आहे. देण्याघेण्याचं काही नाही. फक्त लग्न झाल्यावर पोरांनी नरडाण्याला बिऱ्हाड करावं, मुलीला धुळ्याची नोकरी जवळ पडेल, आणि सणवाराला जळगावला यावं. भागावहिनी माझ्याकडे पेढे घेऊन आल्या तेव्हा रडत होत्या आणि हसतही होत्या. सून डोळ्यांसमोर राहणार नाही याचं दुःख होतं, पण ती भरीत करील तेव्हा तिला गुण देणारं कुणी तिथे नसेल हे त्यांनाही समजत होतं. त्या तसं म्हणाल्या नाहीत.

सर संध्याकाळी आले. बसा म्हटलं तरी बसले नाहीत. लग्न जमल्याचा आनंद तोंडावर होता म्हणावं तर होता, पण नरडाणा त्यांच्या घशात अडकलं होतं. नोकरीचं कारण त्यांना पटलं नव्हतं. मामा सगळ्यांत शेवटी माझ्याकडे आले होते हे त्यांना नथ्थूकडून कळलं होतं.

“बाई, नवलभाऊंनी तुम्हाला काय विचारलं?”

इतकी वर्षं सांभाळून ठेवलेलं वाक्य माझ्याकडे होतं, आणि मी ते वापरलं. “सर, मूल्यांकिताने विचारायचं नसतं.”

वाक्य त्यांचंच आहे हे त्यांच्या लक्षात आलं की नाही, मला सांगता येणार नाही. मग खुर्चीच्या कडेवर टेकले, मुख्याध्यापकाच्या खोलीत आम्ही टेकायचो तसे.

“बाप आहे हो मी त्याचा,” ते म्हणाले. “मला लांब का ठेवलं, एवढं तरी कळू द्या.”

मग मी सांगितलं. चढवून नाही, उतरवून नाही. “त्यांनी विचारलं, मुलगा बापावर गेलाय का. मी नाही म्हटलं. तेवढ्यावर लग्न जमलं.”

सर पायातल्या चपलांकडे बघत होते. नेहमीच्या सवयीने काहीतरी शेरा जुळवत असावेत. शेवटी म्हणाले, “म्हणजे शेरा अनुकूल आहे.”

“मुलाचा, हो,” मी म्हटलं.