गटारीतलं सोनं आणि आमचा कॅमेरा

नव्वदच्या आसपास जळगावात व्हिडिओ कॅमेरा असणं म्हणजे दारात हत्ती झुलण्यासारखं होतं. माझा हत्ती लग्नांत राबायचा. नवरदेवाचे बूट, व्याह्यांची पोटं आणि पंगतीत तोंडाशी घास धरून थिजलेले मामा, हे माझं कार्यक्षेत्र.

एकदा पुण्याहून झब्बेवाले दिग्दर्शक आले. त्यांना सोन्याच्या खाणमजुरांवर माहितीपट करायचा होता. जळगावचं सोनं प्रसिद्ध, म्हणजे खाणही इथेच असणार, हे त्यांचं गणित. नशीब, केळ्यांची खाण विचारली नाही. मी त्यांना सराफ बाजारामागच्या गटारीवर नेलं. तिथे झारेकरी असत. पेढ्यांपुढची धूळ झाडायची, गटारीतला गाळ उपसून धुवायचा आणि त्यातून सोन्याची कणी काढायची, हे त्यांचं काम. गटार पाहून दिग्दर्शकांचा चेहरा उजळला. करुणेच्या बाबतीत ती खाणीपेक्षा सरस होती.

एका झारेकरी घरातल्या अक्का धुतलेलं पातळ नेसून आल्या. दिग्दर्शकांनी त्यांना मळकं नेसायला लावलं आणि विचारलं, "सोनं हातात येतं तेव्हा मनात काय येतं?"

"इकानं शे, आखो काय?" अक्का म्हणाल्या. सोनं विकायचं असतं, हे उत्तर करुणेत बसेना; ते अर्थातच कापलं गेलं.

अक्कांची एकच अट होती. मला बाजूला घेऊन त्या म्हणाल्या, "भाऊ, मनी आंडेर तेवढी दखाडू नका. तिनं लगन जमी ऱ्हायनं." त्यांच्या मुलीला धुळ्याचं, देवपूरचं स्थळ आलं होतं. तिकडे 'आमचं सराफ बाजारात काम' एवढंच कळवलं होतं. त्यात खोटं काय होतं?

पंचाईत एवढीच की शेवटचा हात त्या मुलीचाच असे. घमेल्याच्या तळाशी चिमूटभर काळी रेती उरली की बाप, काका सगळे निमूट घमेलं तिच्याकडे देत. त्यांच्या हातून पाण्याबरोबर कणीही वाहून जाई. तिचं मनगट फिरलं की पाणी जाई आणि सोनं राही. त्या दिवशी ती वेणी घालून, पदर खोचून बसली होती. दिग्दर्शक ओरडले, "हेच घ्या!" मी कॅसेट अडकल्याचं सांगितलं. कॅसेट सुटली तेव्हा घमेलं काकांच्या हातात गेलं होतं.

पुढे माहितीपटाची कॅसेट आली, ती गल्लीत भाड्याचा टीव्ही आणून सगळ्यांनी पाहिली. निवेदक गहिवरून 'उपेक्षित' म्हणाला की पोरं फिदीफिदी हसत. शेवटी काकांनी घमेलं हलवलं आणि सोनं पाण्याबरोबर गटारीत गेलं, तेही संथ गतीने, सतारीच्या साथीने. गल्ली लोटपोट हसली. मुलगी मात्र उठून आत गेली. लाजली असेल, असं मला वाटलं. स्थळ वाचवल्याबद्दल मी मनातल्या मनात स्वतःला हारही घालून घेतला.

लग्न ठरलं आणि शूटिंग माझ्याकडेच आलं. देवपूरच्या मांडवात मी नवरीवर दिवा धरला, पण ती मान वर करेना.

"वर दख वं बेटा," अक्का म्हणाल्या, "भाऊ फोटू काढी ऱ्हायना."

ती खालीच बघत म्हणाली, "आते कसाले वर दखू? घमेलं मना हातमा व्हतं, तवय पिक्चरमा बठ्ठा लोक दिखनात, मीच नही."